चालता न येणाऱ्या रस्त्याचा पंचनामा

"मास्तर, ह्या ठिपक्यावर कोण राहतं, तेवढं सांगा," अमीनसाहेब म्हणाले.

"कुणी राहत नाही, साहेब. ठिपका आहे तो."

"मग त्याला नाव कशाला दिलं?"

टेबलावर माझं पुस्तक उघडं पडलं होतं. पानावर चार ठिपके, त्यांना एकमेकांशी जोडणाऱ्या सात रेघा आणि ठिपक्यांजवळ ए, बी, सी, डी अशी इंग्रजी अक्षरं. मी बीडच्या सरकारी शाळेत गणित शिकवत होतो. अंमल निझामाचा. अमीन म्हणजे ठाण्याचा मुख्य अंमलदार. आमचे हे अमीन हैदराबादेकडून नवेच बदलून आले होते. माणूस सज्जन होता, लाच खात नव्हता, आणि हीच खरी अडचण होती. खाणारा असता तर पुस्तक संध्याकाळच्या आत घरी आलं असतं.

बाजूला जमादार उभा होता. त्याला इंग्रजीची मुळाक्षरं येत होती, आणि ती वापरायची संधी त्याला फार दिवसांनी मिळाली होती.

"बी म्हंजे बीड, साहेब," तो म्हणाला. "डी म्हंजे धारूर. तिथं किल्ला हाय."

"और ए?"

"आष्टी."

"सी?"

जमादार जरा घुटमळला. "कपिलधार. धबधब्याच्या मागं कोण लपतंय, कुणाला दिसतंय?"

"कपिलधार के अक्षराने लिहितात," मी म्हणालो. शिक्षकाची जात, चूक दिसली की तोंड उघडतंच.

"यानी बाकीचे तीन बरोबर?" अमीनसाहेबांनी लगेच पकडलं.

मी कपाळावर हात मारला.

हे पुस्तक कसलं, ते आधी सांगतो. चार पोरं एका बाकावर किती तऱ्हांनी बसवता येतील, किंवा काही गावं आणि त्यांना जोडणारे रस्ते दिले तर एकही रस्ता दोनदा न तुडवता सगळे रस्ते फिरून होतील का, असल्या प्रश्नांचं एक गणित असतं. त्यात आकडेमोड थोडी आणि डोकेफोड फार. आमच्या शाळेच्या बीजगणितात त्यावर एक दुबळं प्रकरण होतं, आणि तेही सगळे गाळायचे. हे इंग्रजी पुस्तक मात्र पहिल्यापासून शेवटपर्यंत त्याच विषयावर होतं. पुण्याच्या एका दुकानदाराकडून मी ते मागवलं. नगरच्या रस्त्याने येणाऱ्या मोटारीतून ते आलं, आणि हद्दीवरच्या नाक्यावर अडलं. त्या नाक्याला करोडगिरी म्हणत. बाहेरून येणाऱ्या मालाची जकात तिथे घेत. नाकेदाराने पुस्तक उघडलं, ठिपके आणि रेघा पाहिल्या, आणि नकाशा समजून ते ठाण्याला पाठवून दिलं. हद्दीपलीकडे इंग्रजांच्या मुलखात तेव्हा चळवळी चालू होत्या. त्यामुळे आमच्याकडच्या अंमलदारांना तिकडून येणाऱ्या छापील कागदाची धास्ती असे.

पुस्तक मला हवं होतं ते माझ्यासाठी नव्हे. आमच्या शाळेत युसूफ मास्तर म्हणून तरुण शिक्षक होते. वडील फळविके. बालाघाटाच्या डोंगरातली सीताफळं आणून बाजारात विकायचे. युसूफ मास्तरांना नोकरी टिकवायची तर हैदराबादची सनद परीक्षा पास होणं भाग होतं. दोनदा ते गणितात आपटले होते. आता शेवटची संधी. यावेळी गेलं की नोकरी गेली. वडिलांनी तर सांगूनच ठेवलं होतं, "न्हाई जमलं तर तराजू घे हातात. लई झालं शिक्षण."

त्या परीक्षेच्या परीक्षकांना एक नाद होता. पर्चा, म्हणजे प्रश्नपत्रिका, काढताना एक मोठा प्रश्न ते हटकून याच इंग्रजी पुस्तकातून घालायचे. तो सुटला नाही तर पास होणं अवघड. हैदराबादेत ज्यांच्याकडे हे पुस्तक होतं ती मंडळी ते कुणाला दाखवत नसत. म्हणून मी मागवलं. मी इंग्रजी वाचून सांगायचं आणि युसूफ मास्तरांनी शिकायचं, असं ठरलं होतं. परीक्षा तोंडावर आली होती, आणि आमचं पुस्तक ठाण्यात कैदेत.

"साहेब, हे कोडं आहे," मी अमीनसाहेबांना म्हणालो. "पेन्सिल न उचलता आणि एकही रेघ दोनदा न गिरवता हे चित्र काढायचं. इतकंच. करून बघा हवं तर."

हे मी का बोललो, असं पुढे कितीदा तरी वाटलं.

अमीनसाहेबांनी पेन्सिल घेतली. एक रेघ राहिली. पुन्हा काढलं. दुसरीच रेघ राहिली. जमादार मान लांब करून म्हणाला, "साहेब, आधी वरून घ्या की." साहेबांनी वरून घेतलं. मग खालून घेतलं. बाहेर फिर्यादी ताटकळत बसले होते. मी दोनदा खाकरलो. शेवटी साहेब मान वर न करता म्हणाले, "मास्तर, तुम्ही कल आइये."

दुसऱ्या दिवशी मी युसूफ मास्तरांना घेऊन गेलो. ठाण्यात पाऊल टाकलं आणि बघतो तर पहारेकरी भिंतीवर कोळशाने ठिपके काढतोय. कारकुनाच्या टेबलावर तेच. कोठडीच्या गजाआडून एक गुरेचोर बाहेरच्या शिपायाला सांगत होता, "अबे, डावीकडून जा की बे!"

"साहेब," मी म्हणालो, "ते चित्र तसं निघत नाही."

"निघत नाही म्हणजे?"

"कुणालाच निघत नाही. या पुस्तकातच ते सिद्ध करून दाखवलंय. त्याच पानावर, खाली."

अमीनसाहेबांनी पुस्तक मिटून हाताखाली ठेवलं. "मास्तर, इल्जाम याच पुस्तकावर आहे. मुलजिम स्वतःच्या बाजूने बोलणारच. त्याचा जबाब मी खरा कसा धरू?"

मग मी गणित समजावून सांगायचा प्रयत्न केला. सम म्हणजे काय, विषम म्हणजे काय, ठिपक्याला मिळणाऱ्या रेघांची संख्या, आणि त्यावरून निघणारा निष्कर्ष. फळ्यावर सांगतो तसं ओळीने सांगितलं. साहेबांनी अदबीने ऐकून घेतलं आणि म्हणाले, "ये सब कागज की बातें हैं. आमच्याकडे पंचनामा होतो. जागेवर."

"जागा कुठली? चार ठिपके आहेत ते!"

"तर जागा तयार करू."

आणि खरोखर केली. ठाण्याच्या अंगणात जमादाराने चार खुंट्या ठोकल्या आणि चुन्याने सात वाटा आखल्या. पंच म्हणून एक कापडवाला आणि एक न्हावी धरून आणले. मग एका शिपायाला हुकूम झाला की सगळ्या वाटा चाल, एकही वाट दोनदा तुडवू नकोस. शिपाई बिचारा चालू लागला. एक वाट राहिली. दुसरा शिपाई चालला. त्याचीही राहिली. प्रत्येक वेळी चुना विस्कटायचा आणि जमादार तो नव्याने ओढायचा. बाजाराचा दिवस होता. केजकडून, नांदूरघाटाकडून आलेले लोक कुंपणापाशी जमले. कुणी म्हणे मधल्या खुंटीपासून निघा, कुणी म्हणे उलटं चाला. एका म्हाताऱ्याने तर शिपायाच्या वाहाणांना दोष दिला. शेवटी जमादार स्वतःच चालायला उतरला. माझं डोकं उठलं होतं. गणिताचं हे असलं प्रदर्शन मी उभ्या जन्मात पाहिलं नव्हतं.

युसूफ मास्तर एरवी कमालीचे भिडस्त. वर्गातसुद्धा खाली बघून शिकवायचे. दोनदा नापास झाल्यापासून तर त्यांचा आवाज पारच बसला होता. पण त्या दिवशी गर्दीत त्यांचे वडीलही उभे होते, सीताफळांची पाटी खाली ठेवून. ते शेजारच्याला मोठ्याने म्हणाले, "ह्या खेळापायी पोरगं नोकरी घालवतंय बघा."

युसूफ मास्तरांचा चेहरा लाल झाला. ते तडक अंगणात शिरले आणि चालत्या जमादाराचा दंडच धरला.

"थांबा! जमादार, तुमी ह्या खुंटीवर आलात. आता जायला वाट लागती का न्हाई?"

"लागती की."

"म्हंजे एक यायची, एक जायची. झाली जोडी. परत आलात तर परत एक यायची, एक जायची. आणखी एक जोडी. आता ह्या खुंटीच्या वाटा मोजा."

जमादाराने मोजल्या. "पाच."

"जोड्या दोन. एक वाट उरली. ती वाट कवा उपयोगी पडंल? तुमी इथून निघालात तर, न्हाईतर इथंच येऊन थांबलात तर. बरोबर?"

"बरोबर."

"आता ती खुंटी मोजा. तीन. एक जोडी, एक उरली. तीही तसलीच. ही तिसरी? तीन. चौथी? तीन. चारी खुंट्यांवर एकेक वाट उरती. अन् तुमाला निघायचं कितीदा? एकदाच. थांबायचं कितीदा? एकदाच. दोन खुंट्यांची सोय झाली. राहिलेल्या दोघींचं काय करता?"

जमादार खुंट्यांकडे बघत राहिला. गजाआडचा चोर आधी ओरडला, "आरं, खरं हाय की!"

अमीनसाहेब खुर्चीवरून उठले. स्वतः चारही खुंट्यांभोवती फिरले, बोटाने वाटा मोजल्या. आणि मग त्यांचा चेहरा उजळला. मीही खूश झालो. मी फळ्यावर सांगतो तसं ओळीने सांगूनही जे त्यांच्या टाळक्यात शिरलं नव्हतं, ते युसूफ मास्तरांनी चिडून सांगितल्यावर शिरलं. त्यांच्या वडिलांना गणित कितपत कळलं ठाऊक नाही. पण पाटी उचलायचं विसरून ते मुलाकडे बघत उभे होते.

"लिखो," अमीनसाहेब कारकुनाला म्हणाले. "पंचांसमक्ष चालून पाहता हे रस्ते चालून पुरे करणं नामुमकिन आहे. जो रस्ता चालता येत नाही तो रस्ता नव्हे. रस्ता नव्हे म्हणून नकाशा नव्हे. सबब पुस्तक निर्दोष."

तर्क अगदीच लंगडा होता. चालून पुरे होत नाहीत म्हणून रस्ते रस्तेच नाहीत, असं कसं होईल? माझी जीभ वळवळली. युसूफ मास्तरांनी माझा हात दाबला. आयुष्यात एकदा मी चूक दिसूनही गप्प बसलो.

"मग न्यावं पुस्तक?" मी हात पुढे केला.

"पुस्तक?" साहेबांना आश्चर्य वाटलं. "ते आता मुद्देमाल आहे. पंचनाम्याबरोबर औरंगाबादला जाईल. तिथून मंजुरी आली की मिळेल."

"अहो, पण निर्दोष आहे ना?"

"इसीलिए तो. दोषी असतं तर इथेच जाळलं असतं."

मी घरी येऊन जेवलो नाही. बायकोने विचारलं तर तिच्यावरही खेकसलो. युसूफ मास्तर पुस्तकाचं एक पान नीट न वाचता हैदराबादला गेले. जाताना मला म्हणाले, "मास्तर, जाऊ द्या. नशिबात तराजूच असंल." मी त्यांना धीर द्यायला काहीतरी बोललो. काय ते आठवत नाही, कारण माझाच त्यावर विश्वास नव्हता.

ते परतले तेव्हा सरळ माझ्या घरी आले. ओसरीवर बसले आणि हसायलाच लागले.

पर्च्यात तो नेहमीचा इंग्रजी पुस्तकातला प्रश्न होता. चार ठिपके, सात रेघा. "पेन्सिल न उचलता काढा, न आल्यास कारण द्या." बाकीचे उमेदवार काढत बसले, खोडत बसले, आणि त्यातच वेळ घालवला. युसूफ मास्तरांनी पेन्सिल उचललीच नाही. सरळ कारण लिहायला घेतलं. घाईघाईत लिहिताना त्यांच्या डोळ्यांपुढे ठाण्याचं अंगण होतं. म्हणून उत्तरात त्यांनी लिहिलं, "जमादार एका वाटेने येतो, दुसऱ्या वाटेने जातो." पूर्ण उत्तर तसंच, जमादारासकट. मग तोंडी परीक्षेला परीक्षकांनी त्यांची वही पुढे ठेवली. त्या शब्दाखाली लाल रेघ होती.

"ये जमादार कौन है?" त्यांनी विचारलं.

"मग?" मी म्हणालो.

"मग काय, सगळं सांगितलं. खुंट्या, चुना, पंच, चोर, समदं. ते डोळे पुसंपर्यंत हसले. मास्तर, पास झालो."

त्या दिवशी मी पोटभर जेवलो.

पुस्तक आलं ते पुढच्या उन्हाळ्यात. अमीनसाहेबांची तोवर बदली झाली होती. औरंगाबादेहून आलेल्या पार्सलाला लाखेची मोठी मोहोर होती. मी अधीर होऊन ते उघडलं आणि ते पान शोधलं. नव्हतं. ते पुरावा म्हणून फाडून पंचनाम्याला जोडलं होतं. आजही ते कुठल्याशा दफ्तरात पडून असेल, निर्दोष ठरलेलं. बाकीचं सगळं पुस्तक जसंच्या तसं होतं, आणि त्यातलं दुसरं एकही पान पुढे कुठल्या परीक्षेत विचारलं गेलं नाही.

युसूफ मास्तर पुढे माझ्या जागी आले. ते पुस्तक मी त्यांनाच दिलं. शिकवताना फाटलेल्या पानापाशी आले की ते पुस्तक मिटायचे, पोरांना अंगणात न्यायचे, चार खुंट्या ठोकायचे आणि चुन्याने सात वाटा आखायचे. वर्गातल्या सगळ्यात हट्टी पोराला ते जमादार करायचे. त्यांच्या हाताखालची पोरं त्या प्रश्नात कधी चुकली नाहीत. मी तीस वर्षं शिकवलं आणि चांगली पुस्तकं मागवायला धडपडलो. एवढं मात्र शिकलो, की पुस्तक नसलं तरी भागतं. ह्या कागदावरच्या गोष्टी झाल्या असं तोंडावर सांगणारा एक अमीन मात्र लागतो.