कुंदाताईने मला विचारलं नाही

धसईच्या बाजारात वांगी निवडत होतो, तेव्हा शहापूरहून वसंताचा फोन आला. वसंता म्हणजे माझ्या आत्याचा मुलगा, कुंदाताईचा धाकटा भाऊ. "दिगू, ताई गेली रे," एवढंच तो म्हणाला. आफ्रिकेत, मलावी नावाच्या देशात, गरिबांना कायद्याची मदत देणारी एक संस्था ती कित्येक वर्षं चालवत होती. तिथेच तापाने गेली. मलेरिया डोक्यात गेला म्हणे. मी "बरं" म्हणालो, फोन खिशात ठेवला आणि उरलेली वांगी निवडली. किडकी बाजूला, चांगली पिशवीत... भाजीवाली म्हणाली, "मास्तर, किडकी पिशवीत टाकताय तुम्ही." तेव्हा माझ्या लक्षात आलं.

पुढच्या आठवड्यात शहापूरला शोकसभा झाली. हार घातलेला फोटो, उदबत्त्या, आणि बोलणारे बरेच. शहापूरची लेक आफ्रिकेपर्यंत पोचली, तालुक्याचं नाव सातासमुद्रापार नेलं, तिला इथलं आकाश पुरेना... एकामागून एक असं सगळे बोलत होते. मला बोलायला सांगितलं. मी उठून म्हणालो, "ताई मला सख्ख्या बहिणीसारखी होती," आणि बसलो. लोकांना वाटलं, गहिवरला. गहिवरलो नव्हतो. ताई आफ्रिकेला का गेली ते त्या हॉलमध्ये फक्त मला ठाऊक होतं, आणि नेहमीसारखं मी ते सांगितलं नाही.

ताई माझ्याहून चार वर्षांनी मोठी. सुट्टीत धसईजवळच्या आमच्या गावी यायची, भात झोडायला आमच्यात मिसळायची, आणि भांडण झालं की दोन्ही बाजू ऐकून घेतल्याशिवाय कोणाला सोडायची नाही. ठाण्याला राहून कायदा शिकली, सनद घेतली आणि परत शहापुरात येऊन बसली. सुरुवातीला पक्षकार यायचे, टेबलामागे तिला बघायचे आणि विचारायचे, "वकीलसाहेब कुठं गेलेत?" ती म्हणायची, "जेवायला गेलेत. तवर माझ्याशी बोला." बोलता बोलता अर्ध्या तासाने त्या माणसाच्या ध्यानात यायचं, आणि तोवर त्याची फाईल तिच्याकडे आलेली असायची. मुरबाडला तारीख असली की किन्हवली-सरळगाव करत जीपने यायची. धुळीने खराब होऊ नये म्हणून काळा कोट पिशवीत, तो कोर्टाच्या फाटकाशी आल्यावर अंगात चढायचा. तिच्याकडे येणारी माणसं बहुतेक वाडी-पाड्यावरची.

तिची एक रीत होती. कुठल्याही तालुक्याच्या कोर्टात साक्षीच्या सकाळी झाडाखाली वकील आणि साक्षीदार बसलेले दिसतात. वकील प्रश्न विचारतो, साक्षीदार धडा म्हणतो, चुकला की पुन्हा पहिल्यापासून. ताईने हे कधी केलं नाही. कोणाच्या बाजूने साक्ष द्यायची, कुठे यायचं एवढंच ती सांगायची. "काय पाहिलंस ते मला आत्ता सांगू नकोस, पिंजऱ्यात सांग. इथे बोललास की ते माझं होतं, तुझं राहत नाही." बाकीचे वकील हसायचे. तिला त्या रीतीचा अभिमान होता, आणि मीही तो तिच्याइतकाच मिरवायचो...

नव्वदच्या दशकात आमच्याकडे फार्महाऊसचं वारं आलं. नदीकाठची जमीन मुंबईच्या लोकांना हवी होती. माझ्या वडिलांनीही नदीकडचा तुकडा विकला. त्या तुकड्याच्या बांधावरून खालच्या कातकरवाडीची वाट जायची, थेट नदीकाठच्या माळावर, जिथे वाडीची माणसं आपली मयतं पुरायची. खरेदीखतात वडिलांनी लिहून दिलं होतं, की जमिनीतून कोणाचीही वहिवाट नाही. घेणाऱ्याने तारेचं कुंपण घातलं, माळही आत घेतला, आणि वाडीचे मेलेले कुंपणाआड अडकून पडले. वाडीच्या वतीने ताईने मुरबाडच्या कोर्टात दावा लावला. वाडीचे लोक वाट होती म्हणणारच. पण वाडीबाहेरचं, गावातलं कोणीतरी सांगणारं हवं होतं. गावात सगळ्यांना ठाऊक होतं, बोलायला कोणी तयार नव्हतं. मी शाळामास्तर, मी होकार दिला.

मी ती वाट चाललो होतो. वाडीतल्या भिमीबायची पोरगी मंजी माझ्याच वर्गात, दुसरीत. साप चावून गेली. वर्गातली सगळी पोरं रांगेने घेऊन मी त्या बांधावरून गेलो होतो, मंजीवर माती लोटली होती. तेव्हा हे ताईला सांगितलंही होतं. म्हणून तर साक्षीदारांत माझं नाव आलं.

साक्षीच्या आदल्या दुपारी वडिलांनी मला गोठ्याकडे बोलावलं. त्यांचा आवाज कधी चढायचा नाही, त्या दिवशीही चढला नाही.

"दिगू, तू वाट व्हती बोललास तर मी लबाड ठरतो. सही केलेली हाय मी."

"पण वाट होती ना, बाबा?"

"व्हती. मी काय आंधळा हाय? पन आता नाय. त्या मेलेल्यांसाठी जित्या बापाला कोर्टात उभा करनार हायस का तू?"

माझ्या गप्प बसण्याला ते हो समजले, आणि बरोबर समजले.

संध्याकाळी ताई मुक्कामाला आली. भाकरी आणि सुकटीचं कालवण जेवली, वडिलांशी पावसापाण्याचं बोलली. नंतर ओट्यावर आम्ही दोघंच होतो. मी म्हणालो, "ताई, उद्याचं जरा..." तिने हात वर केला. "उद्याचं उद्या, दिग्या. मला काही सांगायचं नाही, रीत ठाऊक आहे ना तुला?" मला सुटल्यासारखं झालं. खरं सांगतो, त्या क्षणी तिच्या रीतीचा मला एवढा आधार वाटला, की मी आडवा झालो आणि गाढ झोपलो. तिचा हात खाली करून "ऐक, मी उद्या खोटं बोलणार आहे" असं मला म्हणता आलं असतं. तिने तारीख मागून घेतली असती, दुसरं कोणी शोधलं असतं. तिला पुरेसा वेळ होता.

दुसऱ्या दिवशी ईश्वराला साक्षी ठेवून मी पिंजऱ्यात उभा राहिलो. ताईने विचारलं, "वाडीची माणसं त्या बांधावरून मयत नेत असत का?" मी म्हणालो, "मला माहीत नाही." ती थांबली. तिला वाटलं, मी घाबरलो. मग सावकाश विचारलं, "आपण स्वतः कधी त्या वाटेने मयतीला गेलात का?" मागच्या बाकाशी भिमीबाय उभी होती. मी म्हणालो, "नाही."

आपलाच साक्षीदार उलटला, तर कोर्टाची परवानगी घेऊन त्याला फितूर ठरवता येतं आणि त्याची उलटतपासणी घेता येते. ताईच्या हातात सगळं होतं. मंजी, वर्गातली पोरं, तो दिवस. दोन प्रश्नांत मी उघडा पडलो असतो. शपथेवर खोटं बोलणारा मास्तर म्हणून नोकरीही गेली असती. तिने माझ्याकडे पाहिलं. मग कोर्टाकडे वळून म्हणाली, "आणखी प्रश्न नाहीत," आणि खाली बसली.

बाहेर आल्यावर तिने मला चहा विचारला. आम्ही टपरीवर उभे राहून चहा प्यायलो. रस्त्यापलीकडे वाडीची माणसं जीपची वाट बघत बसली होती. माझी नजर बशीतून वर आली नाही. दावा फेटाळला गेला. गावातल्या एकाही माणसाने वाट होती असं सांगितलं नाही, असं निकालात आलं. अपीलही टिकलं नाही.

वर्ष झालं नसेल, ताईने इथली वकिली बंद केली आणि मलावीची नोकरी धरली. आत्या रडून ओरडली, "कुठं चाललीस गो एवढ्या लांब? हितली भांडनं संपली का?" ताई म्हणाली, "इथली मला जमली नाहीत, आई." आत्याला वाटलं, लेक नम्रपणे बोलते.

तिकडे कोर्टात उभं राहायची सनद तिच्याकडे नव्हती. नवरा मेला की सासरचे विधवेला घराबाहेर काढतात, भांडीसुद्धा नेतात, अशा बायकांसाठी तिने गावोगावच्या बायकाच तयार केल्या. त्या मुखियासमोर, कोर्टासमोर बाजू मांडायला शिकल्या. एका शाळेच्या पडवीत सुरू झालेलं काम जिल्ह्याजिल्ह्यांत गेलं, आणि ताई संस्थेची संचालक झाली. शोकसभेत हे सगळं सांगितलं गेलं आणि ते खरं आहे.

आत्या गेली तेव्हा ताई एकदाच आली. दहाव्यानंतर शहापूरच्या घरी, पाहुणे पांगल्यावर, आपण होऊनच बोलली. "मी तुला फितूर ठरवायला हवं होतं, दिग्या. मी वाडीची वकील होते, तुझी बहीण नंतर. तुला वाचवलं आणि त्यांना बुडवलं. त्यानंतर त्या कोटात माझा हात जाईना." मी म्हणालो, "चूक माझी होती." ती म्हणाली, "तुझी तुझी, माझी माझी." मग सांगू लागली, की तिकडच्या बायकांना ती पहिला धडा वेगळाच देते. साक्षीदाराच्या घरी जायचं, बसायचं, आणि काय पाहिलं ते विचारण्याआधी विचारायचं, की तू बोललीस तर तुझ्यावर कोण रागवेल? "तुला हे विचारलं असतं तर तू सांगितलं असतंस ना?" तिने मला विचारलं. मी हो म्हणालो. तेव्हाही मला खात्री नव्हती, आजही नाही.

कोणी म्हणेल, त्यातून चांगलंच निघालं. मी हे स्वतःला म्हणून पाहिलं आहे. परमुलखातल्या कुठल्याशा विधवेला तिचं घर परत मिळालं असेल, पण त्याने भिमीबायला तिच्या पोरीच्या थडग्यावरचा दगड दिसत नाही. माळावर आता हिरवळ आहे, कंपाउंडची भिंत आहे, शनिवार-रविवारी आतून गाणी ऐकू येतात. वाडी आता आपली माणसं ओढ्याच्या कडेला पुरते. पावसाळ्यात तिथली माती राहत नाही. आणि वडिलांसाठी गप्प होतो म्हणावं, तर वडीलही गेले, त्यालाही बरीच वर्षं झाली. त्यानंतर मी कोणाच्या भीतीने गप्प होतो?

शोकसभेनंतर मी वाडीवर गेलो. भिमीबाय दारात बसून सूप विणत होती. पुष्कळ म्हातारी झाली आहे. म्हटलं, "वकीलबाई गेल्या, भिमीबाय." तिचे हात थांबले.

"कुठं ठेवली?"

वसंताला तिकडच्या एका बाईने फोनवर सांगितलं होतं ते मी सांगितलं. ज्या गावात ताई राहायची तिथल्या लोकांनी आपल्या मसणवटीत तिला जागा दिली. तिकडे मसणवटीतली झाडं तोडत नाहीत, म्हणून मोठी राई आहे. वसंताच्या फोनवरून मलाही त्या बाईशी बोलायला मिळालं होतं.

"बरं झालं," भिमीबाय म्हणाली. "जागा भेटली बाईला." मग म्हणाली, "आन वाट?"

"काय?"

"तिथवर जायाला वाट हाय का? कोनाच्या शेतातनं जाते?"

मी ते विचारलं नव्हतं. तसं सांगितलं.

"मंग इचारा, मास्तर. फोन हाय ना तुमच्याकं? आन वाट कोनाच्या रानातनं जात आसंल तर तिकडल्या बाईला आत्ताच सांगा, त्यान्च्याकडनं लिवून घ्या म्हनावं. मागनं सांगून काय उपेग नाय."

मी हो म्हणालो. ती पुन्हा सूप विणायला लागली.

त्या बाईचा नंबर वसंताकडून घेतला आहे. अजून फोन केलेला नाही.