बोट बुडवायची की नाही

माझं पोट सूचना लिहिण्यावर चालतं. दोह्यातल्या एका गॅस प्रकल्पात कुठला व्हॉल्व्ह आधी उघडायचा आणि कुठल्याला हातही लावायचा नाही, हे मी इंग्रजीत लिहिते. त्यामुळे सासूबाईंनी पोथीचं इंग्रजी करायला सांगितलं तेव्हा मी लगेच हो म्हणून बसले.

सासूबाई नाशिकहून तीन महिन्यांसाठी दोह्याजवळ अल वक्राला आमच्याकडे आल्या होत्या. घरच्या पूजेला सत्यनारायणाची कथा वर्षानुवर्षं त्याच वाचायच्या. डोळ्यांच्या ऑपरेशननंतर मात्र त्यांना पोथीतलं बारीक अक्षर दिसेना.

"माझ्यामागं तुझ्या पोरीला ही कथा ठाऊक नको का?" त्या म्हणाल्या. "एकदा तरी तिनं ती शेवटपर्यंत ऐकावी. मग मी सुखानं विमानात बसते."

माझी लेक चौदा वर्षांची. तिला घरातलं मराठी कळतं, उत्तर इंग्रजीत येतं. पोथीतलं मराठी तिच्या डोक्यावरून जातं आणि खरं सांगायचं तर मलाही ते निम्मंच कळतं.

कामाला लागण्याआधी मी थोडं वाचन केलं. इंग्लंडात ख्रिस्ती धर्मग्रंथ इंग्रजीत आणला म्हणून एकेकाळी माणसं जाळली होती. पुढे तिथल्याच एका राजाने पन्नासेक पंडित बसवून तेच काम करून घेतलं. त्यांच्या समित्या होत्या, एकाने केलेलं दुसरे तपासायचे. हे वाचून मला अगदी घरच्यासारखं वाटलं, कारण आमच्या ऑफिसातही असंच चालतं.

आणि तिथेच माझा घात झाला. सवयीप्रमाणे मी पहिल्या खर्ड्यावर 'रिव्हिजन ए' टाकलं, सोबत प्रत्येकाने हरकती लिहायची कॉमेंट शीट जोडली आणि पूजेला येणाऱ्या चार घरांच्या ग्रुपवर पाठवून दिलं. आमच्यात कॉमेंट शीट कोरी परत पाठवणं हा कामचुकारपणा समजतात.

कथा साधी आहे. एक व्यापारी देवाला बोललेला नवस विसरतो आणि संकटात सापडतो. पुढे तो आणि त्याचा जावई सुटून परत येतात तेव्हा मुलगी नवऱ्याला भेटायच्या घाईत प्रसाद न घेताच धावते आणि काठाशी आलेली बोट जावयासकट बुडते. द पर्ल बेटावर राहणाऱ्या सुरक्षा अधिकाऱ्यांनी विचारलं, बोटीत माल किती होता आणि लाइफ जॅकेटं होती का? अल दुहैलच्या शिक्षिकाबाईंचं म्हणणं, शिक्षेने मुलं घाबरतात, देवाने आधी समज द्यावी. आयटीतल्या मुलाला सुरुवातीलाच सारांश हवा होता. चौथे काका कॉन्व्हेंटमध्ये शिकलेले. देवाच्या तोंडी साधं इंग्रजी शोभत नाही, जुनं, चर्चमधलं इंग्रजी घाला, असा त्यांचा आग्रह. आपला देव त्या राजाच्या काळातलं इंग्रजी कशाला बोलेल, असं मी उत्तराच्या रकान्यात लिहिलं. त्यांनी 'नॉट अ‍ॅक्सेप्टेड' लिहून परत पाठवलं.

मी चिडले, दोन दिवस ग्रुप म्यूट केला. पण सगळ्यांच्या सह्या झाल्याशिवाय कागद पुढे सरकवायचा नाही, हे माझ्या हाडात भिनलंय. रिव्हिजन सी, म्हणजे तिसऱ्या खर्ड्यापर्यंत मी एकूणएकाचं मन राखलं. त्यात देव रागावत नव्हता, काळजी व्यक्त करत होता. बोट बुडत नव्हती, तिला तात्पुरता विलंब होत होता.

शुक्रवारी पूजा झाली. सासूबाई अगदी पुढे बसल्या. लेक वाचायला लागली आणि बोटीपाशी थांबली. बोट नुसती लेट आहे ना, मग व्यापाऱ्याची मुलगी एवढी का रडतेय, असं तिने इंग्रजीत विचारलं. चारही घरं चौरंगाकडे बघायला लागली.

"काय म्हणते ती?" सासूबाईंनी मला विचारलं.

मी सांगितलं. लपवून उपयोग नव्हता.

"म्हणजे बोट बुडालीच नाही?"

"नाही आई. कॉमेंट आल्या होत्या."

"अगं, बोट बुडाली नाही तर माणूस देवाला हाक कशाला मारेल?"

मग सासूबाईंनी पोथी बाजूला ठेवली आणि आपल्या नेहमीच्या बोलण्यात कथा सांगायला घेतली. त्यांनी बोट पार तळाला नेली. लेकीने माझी रिव्हिजन सी उलटी केली आणि कोऱ्या बाजूवर भराभर लिहायला लागली. तीन आठवडे खपले होते मी त्या कागदांवर. मला राग आला.

प्रसाद वाटून झाल्यावर सासूबाईंनी तिला जवळ बोलावलं. "काय लिहिलंस गं?"

"इट्स इन इंग्लिश, आजी."

"मग मला मराठीत सांग. मला कसं कळायचं?"

लेक कागदात बघून सांगू लागली. व्यापाऱ्याला ती बिझनेसवाला म्हणाली, नवसाला प्रॉमिस म्हणाली, क्रियापदं तर कशीही लावत होती. पण थांबली नाही. आजीला समजावं म्हणून माझी पोर पहिल्यांदा सलग इतकं मराठी बोलत होती आणि सासूबाई डोळे मिटून ऐकत होत्या. माझे डोळे भरून आले आणि हेवाही वाटला. लग्नानंतर एकदाच त्यांनी मला ही कथा वाचू दिली होती आणि नऊ वेळा थांबवून चुका काढल्या होत्या. मी मोजल्या होत्या. लेकीला त्यांनी एकदाही थांबवलं नाही.