आत्याच्या दाव्याचा पुकारा

आत्यानं आमच्यावर दावा लावलाय आणि दर तारखेला ती मुक्कामाला आमच्याच घरी असते.

तिचंही बरोबर आहे. बाबांची ही थोरली बहीण राहते पळसदरीला, कोर्ट खालापूरला आणि आमचं घर कोर्टाच्या पाठीमागं! वकील तिनं केलाच नाही. ("वकील कशाला? माझं त्वांड काय भाड्यानं दिलंय?") भांडण आंब्याच्या वाडीचं. निम्मी वाडी तिला हवी. प्रतिवादी नंबर एक बाबा, नंबर दोन मी.

मागच्या दोन तारखा तेवढ्या तिच्या चुकल्या. जज्जसाहेबांनी बजावलं, पुन्हा गैरहजर राहिली तर दावा फेटाळणार. बाबांनी देव पाण्यात घातले. आणि आदल्या संध्याकाळी दारात आत्या! बाबांना म्हणाली, "नान्या, सुकटीचं कालवण करायला सांग रं. सकाळी कोर्ट हाय."

सकाळी बाबांचे गुडघे दुखू लागले. (ते फक्त तारखेलाच दुखतात.) मला कोपऱ्यात घेऊन म्हणाले, "तिला उशीर झाला पाहिजे. नाहीतर घरी येऊ नकोस!"

आत्याला उशीर? तिला बघून रस्त्यातले बैल बाजूला होतात! तिनं माझं मनगट असं आवळलं, की लोकांना मी आरोपीच वाटलो. शिपायाच्या आधी आम्ही फाटकात! आवारातल्या झाडाखाली पिशवी उशाला घेऊन ती आडवी झाली.

"आत मला कोंडल्यावानी व्हतं. तू बस. पुकारा झाला की हाक मार. इसरलास तर तंगडं तोडून हातात देईन!"

"अगं आत्या, मी तुझ्या विरुद्ध पार्टीचा आहे!"

"भाचा हायेस ना? मग जा गप."

आत बसलो. घाम असा सुटला, की बाकाखाली ओहोळ वाहू लागला. आणि शिपायानं पुकारा केला. आत्याचंच नाव! हाक मारली तर बाबा घराबाहेर काढणार, नाही मारली तर आत्या जगाबाहेर! उठून दाराशी गेलो. तोंड उघडलं, तर आवाजच नाही! दुसरा पुकारा. जीभ टाळूला चिकटलेली. तिसरा. मग आमची नावं आली आणि माझा फितूर गळा नेमका तेव्हाच मोकळा झाला, "हजर!"

वादी गैरहजर, प्रतिवादी हजर. दावा फेटाळला.

बाहेर आलो.

"झाला का रं पुकारा?"

"झाला. निकालही लागला."

"कुनाच्या बाजूनं?"

"घरातल्यांच्याच," असं म्हणून मी चार पावलं मागं सरकलो.

आत्यानं चप्पल उचलली (मी डोळे मिटले), शांतपणे पायात घातली आणि माझं मनगट धरून मला अर्ज लिहिणाऱ्याच्या टेबलाशी नेलं. दावा पुन्हा सुरू करता येतो म्हणे. फक्त गैरहजेरीचं सबळ कारण द्यावं लागतं.

"ल्हिवा," आत्या म्हणाली आणि तिनं माझं संपूर्ण नाव सांगितलं. मग माझ्याकडं वळली. "अर्जाचा निकाल लागेस्तवर मी तुमच्याकडंच ऱ्हानार. नान्याला सांग."

बाबा तेव्हापासून माझ्याशी बोलत नाहीत. न बोलोत! आजवर सगळं खालापूर मला बिनकामाचा म्हणायचं. आता कोर्टाच्या कागदावर मी सबळ कारण आहे!