पुढची बाजू

“ताई, फक्त पुढची बाजू. पाठ राहू द्या,” म्हणत साहेब शर्टांचा गठ्ठा गाड्यावर टाकायचे आणि कॉलर कशी हवी ते अंगठ्याने दाबून दाखवायचे.

बसवनगुडीत इस्त्रीचा गाडा लावून मला तेव्हा वर्षही झालं नव्हतं. निपाणीहून आलेली, सातवीत शाळा सुटलेली बाई मी. कुणी जरा मोठ्याने बोललं तरी वाटायचं, आपण काहीतरी करपवलं. त्या कानडी गल्लीत माझ्याशी मराठीत बोलणारे ते एकटेच. परदेशातून टीव्हीवर बातम्या सांगायचे. लढाई, भूकंप, निवडणूक, जिथे असेल तिथे जायचे. कॅमेऱ्यात छातीच दिसते, आणि निघायची घाई तर कायमची. म्हणून पाठीला इस्त्री नको.

त्यांची आई गेल्यापासून घराला कुलूपच असायचं. परत आले की आधी गाड्यापाशी थांबायचे.

“दिसलो का?”

समोरच्या बेकरीत टीव्ही होता. बेकरीवाले अण्णा हाक मारायचे, “अक्का, निम्म साहेबरू बंदरू!” तुमचे साहेब आले. मी इस्त्री उभी ठेवून धावायची. इंग्रजी कळायचं नाही, म्हणून डोळ्यांना दिसलं ते सांगायची. “दुसरं बटण तुटलंय. मागे एक म्हातारी चूल पेटवत होती. आणि तुम्ही जेवला नव्हता.”

ते हसायचे नाहीत. “ऑफिसात बातमी बघतात, ताई. मला तुम्हीच बघता.”

एकदा ते बोलत असतानाच मागे मोठा स्फोट झाला. ते वळले, धावले, आणि ती चोळामोळा झालेली पाठ सगळ्या जगाला दिसली. बेकरीतली माणसं “अय्यो” म्हणाली ती धुराकडे बघून. माझं लक्ष शर्टाकडे. ते सुखरूप आहेत हे कळायला दोन दिवस गेले. त्या दोन दिवसांत मला शर्टाची लाज वाटली याचीच जास्त लाज वाटली.

परतल्यावर म्हटलं, “साहेब, माझ्यामुळे तुमची शोभा झाली.”

“अहो, पळणाऱ्याचा शर्ट कोण बघतंय?”

“मी बघितला.”

ते कोळशाच्या पोत्यावर बसले. मग म्हणाले, “आई असती तर ओरडली असती. असा जातोस होय रे चार लोकांत?”

तेव्हापासून मी न विचारता पाठीलाही इस्त्री करू लागले. त्यांनी कधी हटकलं नाही.

मग एक दिवस म्हणाले, “ही शेवटची खेप. वय झालं, यानंतर तिकडेच ऑफिसात टेबलावर बसवतायत. इथलं घरही विकलं.” मी गठ्ठा सोडला. निळा शर्ट घेतला. आधी पाठ केली, सावकाश.

आठवड्याने अण्णांची हाक आली. साहेब कुठल्याशा बंदरावर उभे होते. बोलून झाल्यावर ही माणसं चित्र जाईपर्यंत समोर बघत थांबतात, तुम्हीही पाहिलं असेल. ते थांबले नाहीत. कॅमेऱ्याकडे पाठ करून पाण्याच्या दिशेने चालत गेले, अगदी सावकाश. निळ्या पाठीवर एक सुरकुती नव्हती.

“एनायतू, अक्का?” अण्णांनी विचारलं. काय झालं?

“काही नाही,” म्हटलं. “दिसले.”