हीलर हवा आहे

त्या राक्षसाशी आम्ही किती रविवार लढलो याची गणती मी ठेवलेली नाही, पण त्या सगळ्या काळात मी त्याचं तोंड एकदाही नीट पाहिलं नव्हतं. पाय तेवढे पाहिले होते, मोठे, केसाळ, खुरांचे पाय. ऑनलाइन खेळणाऱ्यांपैकी जे माझं काम करतात त्यांना हे लगेच पटेल. बाकीच्यांना समजावून सांगावं लागेल, आणि सांगताना माझा आवाज चढेल, कारण तो चढतोच.

खेळ कॉम्प्युटरवरचा. तलवारी, मंत्र, जादूचे किल्ले, अशी अद्भुत दुनिया. महाडच्या एकाच शाळेत एका वर्गात शिकलेले आम्ही आठ जण टाळेबंदीत घरी अडकलो तेव्हा त्यात शिरलो, आणि टाळेबंदी उठली तरी बाहेर आलो नाही. दर रविवारी दुपारी, जेवणं झाली की कानाला हेडफोन लावून सगळे हजर. त्या दुनियेत कामं तीनच. टँक म्हणजे चिलखत घालून सगळ्यांत पुढे उभा राहणारा, राक्षसाला चिडवून त्याचे घाव अंगावर घेणारा. मारणारे म्हणजे बाजूने राक्षसाला झोडपणारे. आणि हीलर म्हणजे मागे उभा राहून जखमी माणसांच्या अंगात पुन्हा जीव ओतणारा. खेळातली गोष्ट एकट्याने खेळून संपवता येते. ती संपली की मग खरा खेळ सुरू होतो. शेवटच्या किल्ल्यात आठ जणांनी एकत्रच जायचं असतं, आणि तिन्ही कामं करणारी माणसं असल्याशिवाय त्याचं दार उघडत नाही.

मी सुरुवातीला दोन कुऱ्हाडी घेऊन लढणारा योद्धा निवडला होता. त्याचं चित्र मला फार आवडलं होतं. आमचा म्होरक्या बाजारपेठेत बापाचं हार्डवेअरचं दुकान चालवतो, म्हणून आम्ही त्याला शेठ म्हणतो. तो टँक झाला. पहिल्याच दिवशी तो मला म्हणाला, "मारणारे सगळेच हायत रे. हीलर कोण होणार? तू हो ना. तू शांत हायस, तुला जमंल."

मी शांत वगैरे अजिबात नाही. मला उत्तर सुचायला वेळ लागतो, आणि लोकांना ती शांतता वाटते. उत्तर सुचेपर्यंत माझ्या माणसाच्या अंगात पांढरा झगा आलेला होता.

हीलरला लढाई दिसत नाही. त्याच्या पडद्याच्या कडेला आठ हिरव्या पट्ट्या असतात, एकेका माणसाच्या जिवाची एकेक. पट्टी उतरली की बटण दाबायचं, ती वर चढते, तोवर दुसरी उतरते. समोर किल्ला जळतोय, राक्षस गर्जतोय, दोस्त ओरडतायत, आणि तुम्ही आपले पट्ट्या बघताय. मला हे नवीन नव्हतं. मी महाडच्या औद्योगिक वसाहतीत एका केमिकल कारखान्यात ईटीपीवर आहे, म्हणजे कारखान्याचं सांडपाणी शुद्ध करतात तिथे. तिथेही मी काटे बघतो आणि व्हॉल्व्ह फिरवतो. काही घडलं नाही की माझं काम नीट झालं, आणि काही घडलं नाही हे कुणाच्या लक्षात येत नाही.

खेळातही तेच. जिंकलो की टँकने राक्षस भारी पेलला. हरलो की हीलर झोपला होता. राक्षस मेल्यावर जी चिलखतं, हत्यारं मिळायची ती आधी शेठला, मग मारणाऱ्यांना. उरलंसुरलं माझ्याकडे. "तुला काय रे, तू मागंच तर उभा असतोस," असं कुणीतरी म्हणायचं आणि सगळे हसायचे, मीही हसायचो. गरज सरो नि वैद्य मरो, अशी म्हण आहे. आमच्याकडे गरज सरायचीच नाही, म्हणून वैद्याला मरायचीही सोय नव्हती.

तरी खोटं कशाला बोलू, एक गोष्ट मला गोड लागायची. एखाद्या रविवारी माझी ड्युटी लागली आणि मी नाही म्हणालो, की शेठचा फोन यायचा. "तुझ्याबिगर काय जमत नाय रे. दार पन उघडत नाय." मी ड्युटी बदलून घ्यायचो. कारखान्यात मला असं कोणी कधी म्हटलेलं नाही.

असाच एकदा त्याचा फोन स्पीकरवर होता आणि अण्णा, म्हणजे माझे वडील, शेजारी पेपर वाचत बसले होते. ते शाळेत क्लार्क होते, आता निवृत्त आहेत. फोन ठेवल्यावर त्यांनी विचारलं, "तुझ्याशिवाय काय उघडत नाही?" मी त्यांना खेळ समजावला. टँक, मारणारे, हीलर. अण्णांनी सगळं नीट ऐकून घेतलं, चष्मा काढून पुसला आणि म्हणाले, "म्हणजे तुझ्याकडे वाजवायचं काम आलं."

ही आमच्या घरातली जुनी गोष्ट आहे. आमचं मूळ गाव पोलादपूरच्या वरच्या अंगाला, घाट सुरू होतो तिथे. शिमग्याला गावदेवीची पालखी निघते आणि पालखीत प्रत्येक घराचं काम ठरलेलं असतं. कुणी खांदा द्यायचा, कुणी मशाल धरायची. आमच्या वाडीकडे ढोल. पालखीच्या पुढे, पण अंतर राखून. देवीला हात लावायचा नाही, कुणाच्या ओटीवर चढायचं नाही, प्रसाद वरून टाकतील तो झेलायचा. माझे आजोबा त्या पट्ट्यात नावाजलेले वाजवणारे होते. वाडीने बुद्ध धम्म घेतला, त्या शिमग्याला त्यांनी ढोल खाली ठेवला तो कायमचा. गावातली जाणती माणसं वाडीत आली. अण्णा नेहमी सांगतात, त्यांनी शिव्या दिल्या असत्या तर सोपं गेलं असतं. ते हात जोडून आले. म्हणाले, "बाबा, तुझ्याबिगर पालखी हालत नाय." आजोबा नाही म्हणाले. मग दुकानातून मीठ मिळेना, मग विहिरीची वाट बंद झाली, मग आजोबा घाटात रस्त्याच्या कामाला गेले.

या गोष्टीचा शेवट अण्णा सगळ्यांना सांगत नाहीत. गावाने नंतर बाहेरून वाजवणारे आणले. शिमग्यात त्यांचा ढोल वाडीवर ऐकू यायला लागला की आजोबा ओसरीवर दोन्ही हात मांडीखाली घेऊन बसायचे. लहानपणी अण्णांनी विचारलं होतं, असे का बसता? आजोबा म्हणाले होते, "हात ऐकत नायत."

मला अण्णांचा राग आला. मी म्हटलं, "अण्णा, हा खेळ आहे. यात कुणी जन्माने काही नसतं. ज्याला जे व्हायचं ते तो निवडतो."

"तू निवडलंस?" अण्णांनी विचारलं.

मी हेडफोन कानाला लावला. शेठला आमच्या ढोलाची गोष्ट ठाऊक नाही. तो आमच्या घरी जेवून गेलेला आहे, भीमजयंतीच्या मिरवणुकीत माझ्यासोबत चाललेला आहे. त्याच्या मनात काही नाही याची मला खात्री आहे. त्याच्या मनात काही असतं तर मी भांडलो तरी असतो. ते वाक्य त्याच्या तोंडात आपोआप आलं, आणि ते ऐकून मला बरं वाटलं, याचं काय करायचं ते मला आजही कळत नाही.

त्यानंतर मी गुपचूप दुसरा माणूस बनवला, दोन कुऱ्हाडींचा योद्धा. शिफ्टवरून आलो की एकटाच त्याला घेऊन रानोमाळ हिंडायचो, लांडगे मारायचो, त्याला वाढवायचो. कुठली कुऱ्हाड कधी, कुठला घाव कशानंतर, हे सगळं बोटांत बसवलं. तो शेवटच्या किल्ल्याच्या लायकीचा झाला तेव्हा मी शेठला सांगितलं, की मला एकदा, निदान एकदा, मारणारा म्हणून यायचं आहे. तो म्हणाला, "येऊदे की. पन आधी हा शेवटचा राक्षस एकदा पडूदे. पडला की पुढच्या रविवारी तू कुऱ्हाडी घेऊन ये. शब्द देतो."

मग त्या राक्षसाला पाडण्यासाठी मी जेवढा जीव ओतला तेवढा कुणी ओतला नसेल. पावसाळा गेला, गणपती गेले, दिवाळी गेली. अखेर एका रविवारी तो पडला. पाच जण मरून पडले होते, शेठची पट्टी बोटभर उरली होती, आणि ती बोटभर पट्टी मी धरून ठेवली होती. सगळे ओरडले, शेठने दुकानातल्या पोरांना पेढे वाटले म्हणे. मी पडद्याकडे बघत बसलो. मला पुढचा रविवार दिसत होता.

तो रविवार आला. खेळात मेलेला राक्षस आठवड्याने पुन्हा जिवंत होऊन उभा असतो. हीलर म्हणून शेठने कुणा अनोळखी माणसाला बरोबर घेतलं, आणि आमच्यातला एक जण आपणहून बाहेर बसला. मी कुऱ्हाडी घेऊन उभा राहिलो. लढाई सुरू झाली, मी धावत राक्षसाच्या जवळ गेलो आणि मान वर केली. त्याच्या कानात बाळी होती. एवढी लहान, सोन्याची, एकाच कानात. डोळे पिवळे होते आणि खालच्या ओठावर जुनी जखम शिवलेली होती. कुणीतरी बसून हे सगळं काढलं होतं, माझ्या सातही दोस्तांनी ते दर रविवारी पाहिलं होतं, आणि मी पहिल्यांदा पाहत होतो. मी कुऱ्हाड मारली. काय सांगू, मला इतकं सुख क्वचित झालं आहे.

ते फार टिकलं नाही. अनोळखी हीलरची तारांबळ उडाली, शेठची पट्टी उतरायला लागली आणि तो सवयीने माझ्याच नावाने ओरडला, "अरे वाचव! वाचव ना!" मला सगळं कळत होतं. माझ्या हातात कुऱ्हाडी होत्या, वाचवण्याचं काम आज माझं नव्हतं. पण बोट गेलं. ज्या बटणावर इतके दिवस शेठचा जीव होता त्याच बटणावर बोट गेलं आणि दाबलं. योद्ध्याच्या त्या बटणावर लांब उडी असते. माझ्या योद्ध्याने मागच्या मागे उडी घेतली आणि तो कठड्यावरून खालच्या लाव्ह्यात पडला.

सगळे जे हसत सुटले ते थांबेनात. मेलेले, जिवंत, सगळेच. शेठला हसून ठसका लागला. "जित्याची खोड रे!" तो म्हणाला. आम्ही पुन्हा प्रयत्न केला, पुन्हा शेठ ओरडला, पुन्हा माझं बोट गेलं. दुसऱ्या वेळी कुणी हसलं नाही. शेठ अगदी प्रेमाने म्हणाला, "पुरे आता. आण तुझा तो पांढरा." मी कुणाला दोष देऊ? मी योद्धा बंद केला आणि पांढरा झगा घालून आलो. राक्षस त्याच दुपारी पडला. मला पुन्हा त्याचे पाय दिसले.

पुढे आमची टोळी मोडली. कुणाशी भांडण नाही, काही नाही. एक सौदीला गेला, दोघे पुण्याला, शेठचं लग्न झालं आणि रविवारी दुपारी त्याला सासरवाडी लागली. ज्यांनी मला हीलर केलं तेच राहिले नाहीत, म्हणजे आता मी मोकळा झालो, असं मला वाटलं. खेळात एक सोय आहे. ज्यांची टोळी नाही त्यांनी आपलं काम निवडून रांगेत उभं राहायचं, खेळ जगभरातून बाकीचे सात जमवून देतो आणि किल्ल्याचं दार उघडतो. तिथे मला कुणी ओळखत नाही. आवाज ऐकायचा नाही, मागणी नाही, वाचव म्हणून कुणी हाक मारणार नाही. बटणंही मी सगळी बदलून घेतली होती, उडीचं बटण दूर कोपऱ्यात नेलं होतं.

परवाच्या रविवारी जेवण झाल्यावर मी कुऱ्हाडींचा योद्धा निवडून रांगेत उभा राहिलो. पडद्यावर ओळ आली, मारणारे पुष्कळ आहेत, वाट पाहा. मी वाट पाहिली. आईने भांडी घासली, ऊन अंगणातून भिंतीवर गेलं, शेजाऱ्यांकडे चहा झाला. ओळ तीच. तिच्या खाली दुसरी ओळ लुकलुकत होती, हिरव्या अक्षरांत. हीलर हवा आहे.

बराच वेळ झाल्यावर माझ्या लक्षात आलं की मी दोन्ही हात मांडीखाली घेऊन बसलो आहे. अण्णा दारात उभे होते. कधीपासून, ते माहीत नाही. मी त्यांच्याकडे बघितलं नाही. उजवा हात मांडीखालून काढला, योद्धा बंद केला, पांढरा झगा निवडला आणि रांगेत आलो. दार लगेच उघडलं.

"मिळाली का जागा?" अण्णांनी विचारलं.

"मिळाली," मी म्हटलं.