लामबाईंच्या आईचं गाणं

चार माणसं मिळून सिनेमे बघायला लागली की किस्से साचतातच. आमचे तर इतके साचलेत, की त्यातले काही मीच रचले असावेत अशी शंका येते. पीएच.डी. झाली, शंका गेल्या नाहीत!

आमचं मंडळ दुबईतल्या करामा वस्तीतलं. नानिवडेकर, त्यांची बायको सुमनताई, मी आणि शेजारच्या लामबाई. त्या मूळच्या हाँगकाँगच्या. मीना बाजारात कापड विकून हिंदी पक्कं झालेलं. शनिवारी दुपारी त्या जुना कँटोनीज सिनेमा लावतात आणि गोष्ट सांगत जातात. बायको गेल्यापासून माझा आठवडा या शनिवारावर उभा आहे.

पहिल्या दिवशी मी प्रास्ताविक केलं. ऑपेराचे गायक नट सिनेमात कसे आले, वगैरे. अर्ध्या तासाने सुमनताईंनी विचारलं, "सर, सिनेमा यापेक्षा छोटा आहे ना?"

एका सिनेमात सुनेला छळणारी नटी पुढच्या शनिवारी प्रेमळ आई होऊन आली. सुमनताई पडद्यावरच्या मुलीला म्हणाल्या, "जाऊ नकोस गं तिच्याजवळ. मागच्या आठवड्यात बघितलंय मी हिला."

माझी नात डोकावली. "आजोबा, नो सबटायटल्स?" सुमनताई डोळे पुसत म्हणाल्या, "रडायला कशाला लागतात?"

हे सिनेमे झटपट काढलेले. शेठजींच्या दिवाणखान्यातली फुलदाणी विधवेच्या झोपडीतही दिसली. नानिवडेकर म्हणाले, "चोरी सापडली." लामबाईसुद्धा हसल्या.

मग एकदा त्यांनी आपल्या आईचा सिनेमा आणायचं ठरवलं. आई अशा सिनेमांत कामं करायची, त्यातला हा एकच उरलेला. आजवर त्यांनी तो एकटीनेच पाहिला होता. आईला लोकांबरोबर बघायचं राहून गेलंय, म्हणाल्या. माझी झोप उडाली. आमची माणसं हसली तर? नानिवडेकरांना तीनदा फोन करून बजावलं. ते म्हणाले, "खलास, तोंड उघडत नाही."

सिनेमाच्या शेवटी, नवऱ्याने टाकलेल्या बायकोच्या भूमिकेतली त्यांची आई खाटेवर पडून लांबलचक गाणं गाते आणि मरते. कुणी हसलं नाही. तिची मान कलंडली, आणि संगीत नाटकं बघत वाढलेले नानिवडेकर सवयीने ओरडले, "वन्स मोअर!"

मी डोळे मिटून घेतले.

"ये क्यों बोला?" लामबाईंनी मला विचारलं.

मी चाचरत सांगितलं, की आमच्याकडे नाटकात पद आवडलं की प्रेक्षक असं ओरडतात. मग मेलेला नटसुद्धा उठतो आणि पुन्हा गातो.

लामबाईंनी रिमोट उचलला. आईने मान उचलली आणि ती पहिल्यापासून गायला लागली.