खुलाशातली शेवटची ओळ

मी लेखक नाही. वाशीमला बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे, आणि आमच्या घरात कॉलेजात गेलेला पहिलाच. वडिलांच्या वयाच्या माणसाबद्दल लिहायला बसलो, तर आधी क्षमा मागावी असं वाटतं. पण तो शब्द लिहिताना आता माझा हात थांबतो. का, तेच सांगायचं आहे.

"पह्यले पाह्य, मंग हात लाव." आमच्या गल्लीतले हे काका दिवसातून दहादा तरी असं म्हणायचे. एका खाजगी संस्थेच्या शाळेत ते प्रयोगशाळा परिचर होते. आयुष्यभर मुलांना काचेच्या नळ्यांपासून वाचवता वाचवता ते वाक्य त्यांच्या जिभेवर बसलं होतं. भाजी घेणाऱ्यालाही तेच, जीपचं दार उघडणाऱ्यालाही तेच. एका लग्नात नवरदेव हार घालायला वाकला, आणि मागून काकांच्या तोंडून तेच निघालं. सगळा मांडव हसला. काका मात्र लाजून मंडपाबाहेर जाऊन उभे राहिले. असा माणूस तुमच्याही गावात असेल.

मग एक दिवस प्रयोगशाळेत ॲसिडची बाटली फुटली आणि नववीतल्या एका मुलीचा हात भाजला. बाटलीच्या कपाटाचं कुलूप मोडलेलं होतं. काकांनी मुख्याध्यापकांना ते तीनदा सांगितलं होतं, पण तोंडी. आठवड्याभरात संस्थेची नोटीस आली: कर्तव्यात कसूर केल्याबद्दल बडतर्फ का करू नये, याचा लेखी खुलासा द्या.

नोटीस घेऊन ते आमच्याकडे आले. घडी घातलेला कागद त्यांनी माझ्यापुढे ठेवला.

"वकीलसायेब, तुमी कॉलेजात जाता. लिवा."

"मी कुठला वकील, काका."

"तुयाशिवाय गल्लीत कोन हाये मले? लिव. म्या तीनदा सांगतलं कुलूप मोडलं म्हनून. बस, इतकंच."

त्या इतक्याचं मी पानभर केलं. अर्ज कसा लिहायचा ते मला शाळेत शिकवलं होतं. शेवट नम्र हवा. म्हणून मी खाली लिहिलं: 'माझ्याकडून काही चूक झाली असल्यास मोठ्या मनाने क्षमा असावी.' मग सगळं वाचून दाखवलं.

काका शेवटी अडले. "हे कायले लिवलं? कुलूप का म्या मोडलं?"

"तसं लिहावं लागते, काका. पद्धत आहे."

"असन बाप्पा. तुले जास्त समजते." त्यांनी एकेक अक्षर सांभाळत सही केली.

चौकशी समितीने कुलपाबद्दल काही विचारलंच नाही. कर्मचाऱ्याने स्वतः क्षमा मागितली आहे, म्हणजे चूक कबूल आहे, असं लिहून त्यांनी काकांना काढून टाकलं. काकांनी अमरावतीच्या शाळा न्यायाधिकरणात अपील केलं. पहिल्यांदा तिथल्या वकिलांकडे गेलो तेव्हा मी बरोबर होतो. त्यांनी खुलाशावर बोट ठेवलं.

"ही शेवटची ओळ तुमच्या गळ्याशी आली. कोणी लिहिली?"

मी कागदांची पिशवी मांडीवर घट्ट धरली. माझी धाकटी बहीण त्याच शाळेत होती. पण खरं सांगतो, बहिणीचा विचार नंतर आला. आधी आली ती भीती: माझं नाव कागदावर येईल, मला कोर्टात उभं करतील.

"मीच लिवली," काका म्हणाले.

वकिलांनी त्यांची वाकडीतिकडी सही पाहिली, वरचं वळणदार अक्षर पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. "ज्यानं लिहिली त्यानं शपथपत्र दिलं, सवयीनं लिहिली म्हणून सांगितलं, तर थोडा आधार होईल."

"मीच लिवली सायेब," काका पुन्हा म्हणाले.

परत येताना एसटीत ते खिडकीकडे बसले. कारंजाला एसटी थांबली. मग म्हणाले, "तू भेऊ नोको. तुयी परीक्षा हाये." मी मान हलवली. शपथपत्र देतो, हे वाक्य मी मनात जुळवलं होतं. आमचा फाटा आला, उतरलो, तरी ते तोंडातून निघालं नाही. नंतर प्रत्येक तारखेला मी काही ना काही कारण सांगितलं. काकांनी मला पुन्हा कधी बरोबर चल म्हटलं नाही.

दोन वर्षं अशीच गेली. मग काका-काकू लेकीकडे शिरपूरला राहायला गेले. जाताना काकू भेटून गेल्या. काका जीपमध्ये बसूनच होते.

परवा त्यांच्या लेकीचा फोन आला.

"दादा, निकाल लागला. अपील फेटाळलं."

"कायले?" मी विचारलं.

फोनमध्ये कागद उलटल्याचा आवाज आला. निकालाला कारण लिहावंच लागतं, एवढं मला या दोन वर्षांत कळलं होतं. तिलाही माहीत असणार. मग पाठ केल्यासारखं ती म्हणाली, "बाबा म्हनते, त्याले सांग, कारण काहीच लिवलं नाही म्हना."